युद्धाचे वार्तापट आणि चौकटीबाहेरचा माणूस

मराठी चित्रपटाचा इतिहास लिहिणारे लेखक बहुधा एकाच वाटेने जातात. १८९९ साली सावेदादांनी, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांनी, मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये कुस्ती चित्रित केली; १९०१ साली रँग्लर परांजपे विलायतेहून परतले तेव्हा त्यांच्या स्वागताचे चित्रण केले; आणि मग १९१३ साली ‘राजा हरिश्चंद्र’ आला. यानंतर इतिहास कथापटांचा होतो. दोन महायुद्धांच्या काळात सरकारने लोकांना दाखवलेले वार्तापट एक-दोन ओळींत ‘इंग्रजांचा प्रचार’ म्हणून निकालात निघतात. हे वर्णन खोटे नाही, पण ते फार सोयीचे आहे. प्रचार कोणी केला आणि कशासाठी केला, हे दोन प्रश्न विचारून आमचा इतिहासकार थांबतो. त्या प्रचाराच्या चौकटीत कोणाला घेतले आणि कोणाला बाहेर ठेवले, हा तिसरा प्रश्न त्याला सुचत नाही, कारण त्याचे स्वतःचे कोणी बाहेर राहिलेले नसते.

आरंभीच्या त्या दोन चित्रणांतले दुसरे म्हणजे वार्तापटच आहे. या भूमीतला अगदी पहिल्या काळातला वार्तापट केंब्रिजला अव्वल आलेल्या एका ब्राह्मण तरुणाच्या स्वागताचा आहे. यात परांजप्यांचा दोष नाही आणि भाटवडेकरांचाही नाही. त्या समाजाला ‘घटना’ म्हणजे काय वाटत होते, एवढेच यातून कळते. पुढे सरकार कॅमेरा घेऊन आले तेव्हा घटनेची ही व्याख्या बदलली नाही. विद्वानाच्या जागी राजा आणि सेनापती आले, इतकेच.

तिसरा प्रश्न मूर्तिजापूरसारख्या ठिकाणी उभे राहून विचारला की त्याला वजन येते. अकोला जिल्ह्यातले हे तालुक्याचे गाव भुसावळ-नागपूर लोहमार्गावरचे जंक्शन आहे. विसाव्या शतकाच्या आरंभी किलिक निक्सन या इंग्रज कंपनीच्या व्यवस्थेखाली येथून दोन अरुंद मार्ग निघाले. एक अचलपूरकडे, सुमारे ७६ किलोमीटर. दुसरा कारंजा-दारव्ह्यावरून यवतमाळकडे, सुमारे ११३ किलोमीटर. लोकांनी पुढे या गाडीला ‘शकुंतला’ म्हटले आणि तिच्यावर हळवे लेख लिहिले गेले. हळवे व्हायला हरकत नाही, पण ती घातली होती कापसासाठी. वऱ्हाडच्या कापसाला जगाच्या बाजारात अमरावतीवरून ‘उमरा’ असे नाव पडले होते. तो या गाडीने जंक्शनवर येई, तेथून मुंबईला जाई आणि पुढे परदेशी. जिनात सरकी वेगळी करणाऱ्या बाया, प्रेसमध्ये गाठी आवळणारे आणि फलाटावर त्या चढवणारे हमाल कोणत्या वस्तीतून येत, हे वऱ्हाडी वाचकाला सांगायला नको. विणकामाचा धंदा गिरणीच्या कापडाने बसला आणि गावकीच्या हक्कांवर पोट भरेना, तेव्हा आमची माणसे या मजुरीत शिरली. १९१४ साली युद्ध पेटले आणि मुंबईच्या गिरण्यांना लष्करी कापडाच्या मागण्या येऊ लागल्या. लढाई फ्रान्समध्ये आणि मेसोपोटेमियात चालली होती. तिची मजुरी मूर्तिजापूरच्या मालधक्क्यावरही चालली होती. पण वार्तापटातले युद्ध या मालधक्क्यावर कधी आले नाही.

ते कोठे होते हे पाहण्यासाठी एकच उदाहरण पुरेसे आहे. १९१६ च्या जानेवारीत ‘विथ द इंडियन ट्रूप्स अ‍ॅट द फ्रंट’ नावाचा चित्रपट इंग्लंडमध्ये दाखवण्यात आला. फ्रान्सच्या आघाडीवर हिंदी पलटणी कशा आहेत, हे त्याने साम्राज्याला दाखवायचे होते. आता तारीख पाहा. हिंदी पायदळाच्या दोन्ही डिव्हिजन १९१५ च्या अखेरीसच फ्रान्समधून हलवून मेसोपोटेमियाकडे पाठवण्यात आल्या होत्या. प्रेक्षक टाळ्या वाजवत होते तेव्हा पडद्यावरची बहुतेक माणसे त्या आघाडीवर नव्हतीच. ती दुसऱ्याच वाळवंटात मरायला निघाली होती. त्याच वर्षी ‘द बॅटल ऑफ द सोम’ हा चित्रपट आला आणि इंग्लंडमध्ये त्याने अफाट गर्दी खेचली. त्यातले सर्वांत गाजलेले दृश्य, सैनिक खंदकातून वर चढतात आणि त्यांतले काही कोसळतात ते, आघाडीच्या मागे मुद्दाम घडवून चित्रित केलेले होते. म्हणजे वार्तापट या शब्दातली ‘वार्ता’ शिळी असू शकत होती आणि बनावटही. तरी या दोन्ही गोष्टी मी दुय्यम मानतो. शिळेपणा आणि बनावट इतिहासकाराला आज ना उद्या सापडते. जे चित्रितच झाले नाही, त्याचा पत्ता लागत नाही.

हिंदी सैन्याचे जे चित्र हे वार्तापट उभे करतात ते शीख, गुरखा, डोगरा, पठाण अशा ‘लढवय्या जातीं’चे आहे. कवायत, निशाण, घोडे आणि सेनापतीची पाहणी यांनी पडदा भरतो. प्रत्यक्षात पहिल्या महायुद्धात हिंदुस्थानातून भरती झालेल्या सुमारे १४ लाख माणसांपैकी पाच लाखांहून अधिक बिनलढाऊ होती. खेचरे हाकणारे, डोली वाहणारे, पाणी भरणारे, कपडे धुणारे, जोडे शिवणारे, स्वयंपाकी आणि झाडूवाले ही ती माणसे. तुरुंगातल्या कैद्यांच्यासुद्धा मजूर तुकड्या करून मेसोपोटेमियाला धाडल्या होत्या. या साऱ्यांना सैन्याच्या भाषेत ‘फॉलोअर’ म्हणत, मागून येणारा. या मागून येणाऱ्यांतही उतरंड होतीच. १९१७ साली खेचरवाले आणि डोलीवाले यांचा पगार व सोयी सुधारल्या. पलटणीला जोडलेला झाडूवाला आणि भिस्ती मात्र मागे राहिले. साहेबाने आपली उतरंड विलायतेहून आणली असे म्हणावे, तर ती आमच्या गावची निघते.

या उतरंडीचे एक नाव इतिहासात उरले आहे. सुखा हा बरेली शहरातला झाडूवाला हिंदी सैन्याबरोबर विलायतेला गेला आणि १२ जानेवारी १९१५ रोजी वयाच्या तिसाव्या वर्षी तेथे मरण पावला. दक्षिण इंग्लंडमधल्या ब्रॉकनहर्स्ट या गावी हिंदी जखमींसाठी इस्पितळ होते. त्याच्या मृतदेहाबद्दल तेव्हापासून सांगितले जाते ते असे: अस्पृश्य म्हणून हिंदूंच्या दहनस्थळी त्याला जागा मिळाली नाही, मुसलमान नव्हता म्हणून त्यांच्या दफनभूमीत मिळाली नाही, आणि शेवटी गावच्या ख्रिस्ती धर्मगुरूने आपल्या चर्चच्या आवारात त्याला पुरून घेतले. गावकऱ्यांनी वर्गणी काढून त्याच्या थडग्यावर दगड बसवला. तो आजही तेथे आहे.

त्याच वेळी ब्रायटनच्या राजवाड्यातले हिंदी इस्पितळ साम्राज्याच्या प्रचाराचे आवडते स्थळ होते. तेथे हिंदू आणि मुसलमान यांच्यासाठी वेगळे नळ आणि वेगळी स्वयंपाकघरे होती, एकंदर नऊ. राजाराणी भेट देत, छायाचित्रे निघत आणि जगाला सांगितले जाई की बघा, आम्ही तुमच्या लोकांचा धर्म किती जपतो! धर्म जपणे म्हणजे विटाळ जपणे, हे त्या छायाचित्रांच्या खाली लिहिलेले नसे. राजवाड्यातले वेगळे नळ प्रचाराचे चित्र झाले आणि ब्रॉकनहर्स्टचा मुडदा झाला नाही, यात मला युद्धकालीन प्रचाराची सगळी रीत दिसते. हे समीक्षेचे काम आहे असे मी मानतो: दिसणाऱ्या चित्राच्या शेजारी न दिसणारे चित्र ठेवणे.

झाडूचा विषय निघाला आहे तर मूर्तिजापूरकडे पुन्हा पाहू. सुखा परक्या देशात मेला त्या वर्षांत या तालुक्यातला एक माणूस झाडू खांद्यावर टाकून गावोगाव हिंडत होता. गाडगे महाराजांचे बालपण मूर्तिजापूर तालुक्यातल्या दापुरे येथे मामाच्या घरी गेले. १९०५ साली त्यांनी घर सोडले. मूर्तिजापुरात त्यांनी उभारलेल्या धर्मशाळेचे आणि गोरक्षणाचे नाव सर्वांना ठाऊक आहे. पंढरपुरात, जेथे चोखोबाच्या लेकरांना निवारा नव्हता, तेथे १९१७ च्या सुमारास, म्हणजे ऐन युद्धात, त्यांनी चोखामेळा धर्मशाळेचे काम हाती घेतले. पुढे ती वास्तू बाबासाहेबांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीच्या हवाली झाली. परीट जातीत जन्मलेल्या या माणसाने झाडू स्वतः उचलला होता. सुखाच्या हाती तो जन्माने दिला होता. या दोन झाडूंमधला फरक आपण पुसता कामा नये. गाडगेबाबांच्या आरत्या गाणारे लोक तो हटकून पुसतात. पण एक गोष्ट खरी आहे. वार्तापटाच्या पडद्यावर ज्या कामाला जागा नव्हती, ते काम बाबांनी गावाच्या मधोमध, दिवसाउजेडी, पाटलाच्या डोळ्यांसमोर करून दाखवले आणि रात्री कीर्तनात त्यावर प्रश्न विचारले.

युद्धाचा रोजच्या जगण्यावर पडलेला भार वार्तापटात शोधायला गेलात तर निराश व्हाल. चांदीची टंचाई झाली म्हणून १९१७ च्या नोव्हेंबरात सरकारने एक रुपयाची कागदी नोट काढली आणि १९१८ च्या आरंभी अडीच रुपयांची. कापडाचे आणि धान्याचे भाव चढले. ज्या हाताने कापसाची गाठ चढवली, त्या हाताला लुगडे घेणे जड झाले. १९१८ साली पाऊस दगा देऊन गेला आणि त्याच वर्षी इन्फ्लुएन्झा आला. मध्यप्रांत-वऱ्हाड हा हिंदुस्थानातल्या सर्वांत होरपळलेल्या प्रांतांपैकी एक होता. हिंदुस्थानने साम्राज्याला दहा कोटी पौंडांची ‘युद्धभेट’ दिली, असे अभिमानाने जाहीर झाले होते. भेट कोणाच्या ताटातून गेली हे विचारायला कॅमेरा वस्तीत आला नाही.

तो आला नाही म्हणून आमची माणसे मुकी होती, असे मात्र कोणी समजू नये. नागपूरला किसन फागूजी बनसोडे यांनी १९१० साली ‘निराश्रित हिंद नागरिक’, १९१३ साली ‘विटाळ विध्वंसक’ आणि १९१८ साली ‘मजूर पत्रिका’ काढली. पुण्याला शिवराम जानबा कांबळे यांचा ‘सोमवंशीय मित्र’ १९०८ साली निघाला. युद्ध संपून दोन वर्षेही झाली नव्हती तोच, ३१ जानेवारी १९२० रोजी, बाबासाहेबांचा ‘मूकनायक’ आला. ‘विटाळ विध्वंसक’ आणि ‘राजा हरिश्चंद्र’ एकाच वर्षीचे आहेत. एका हरिश्चंद्राला डोंबाघरी राबावे लागले म्हणून सारा महाराष्ट्र रडला. डोंब कोणाच्या घरी राबतो याची वार्ता पाच-पन्नास वर्गणीदारांच्या बळावर चालणाऱ्या पत्रांना द्यावी लागली. त्या दशकातले आमचे वार्तापट म्हणजे ही पत्रे, असे मी म्हणतो. त्यांच्या अंकांची जपणूक मात्र इंग्रजांच्या रिळांइतकीही झालेली नाही.

दुसऱ्या महायुद्धात चित्र पालटले, निदान वरकरणी. १९४० साली सरकारने फिल्म अ‍ॅडव्हायझरी बोर्ड स्थापले; व्ही. शांताराम काही काळ त्याचे प्रमुख निर्माते होते. १९४३ साली ‘इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया’ आणि ‘इंडियन न्यूज परेड’ सुरू झाले. त्याच वर्षी भारत संरक्षण नियमांखाली प्रत्येक चित्रपटगृहाने प्रत्येक खेळाला सरकारमान्य चित्रपट दाखवलाच पाहिजे, आणि त्याचे भाडेही भरले पाहिजे, असे बंधन आले. कच्ची फिल्म मिळेना म्हणून कथापटांच्या लांबीला अकरा हजार फुटांची मर्यादा घातली गेली, पण त्यांच्या आधी सरकारी रीळ हवेच. लोक यायचे बोलपटाला. वार्तापट त्यांच्यापुढे पथ्याच्या पाण्यासारखा वाढला जाई.

हा वार्तापट पाच भाषांत निघे: इंग्रजी, हिंदुस्थानी, बंगाली, तामीळ आणि तेलुगू. मराठी त्यांत नव्हती. वऱ्हाडातल्या टूरिंग टॉकीजच्या तंबूत, पडद्याच्या अगदी पुढ्यात जमिनीवर बसणाऱ्या मजुराला युद्ध कळायचे ते हिंदुस्थानीतून, तेही निवेदकाच्या घाईच्या आवाजातून. सिनेमाच्या तंबूत तिकिटाने जागा ठरते, जातीने नाही, म्हणून तेथे समता आली, असे एक मत वारंवार मांडले जाते. देवळाच्या दारातून हाकलला गेलेला माणूस आणा-दोन आणे टाकून तंबूत शिरत होता, हे मोठेच. पण आण्याच्या जागेवर कोण बसत होते आणि खुर्चीवर कोण, हे पाहिले तर तिकिटालाही जात असते हे उमगते.

१९४३ हे वर्ष वऱ्हाडातल्या म्हाताऱ्या माणसांना वेगळ्याच कारणाने आठवत असे: भोकाचा पैसा. धातू वाचवण्यासाठी सरकारने मधोमध भोक पाडलेला पैसा काढला. बाया तो दोऱ्यात ओवून ठेवत. रॉकेल नव्हते, कापड नियंत्रणाखाली गेले होते, सुटे पैसे मिळत नव्हते. पडद्यावर विजय आणि हातात भोकाचा पैसा, ही त्या काळाची खरी जोडणी आहे. कोणा मराठी कथाकाराने ती पकडली असती तर आपल्या युद्धकालीन साहित्याला काही चव आली असती. पांढरपेशा कथेत युद्ध आले ते काळा बाजार आणि मुंबईतल्या ब्लॅकआऊटच्या रूपाने. मजुराचे भोक तिला दिसले नाही.

आता एका आक्षेपाला उत्तर दिले पाहिजे, कारण तो आपल्याच घरातून येतो. युद्धाने आमचे भलेही केले, असे आपले जुने सैनिक सांगत आणि ते खोटे नव्हते. १८९० नंतर इंग्रजांनी महारांची भरती बंद केली. त्याविरुद्ध गोपाळबाबा वलंगकरांपासून शिवराम जानबांपर्यंत अर्जांची परंपरा आहे. १९१७ साली गरज पडली तेव्हा १११ महार ही पलटण उभी केली आणि गरज संपताच १९२१ साली मोडली. बाबासाहेबांनी हा विश्वासघात विसरला नाही. १९४१ साली व्हाइसरॉयच्या राष्ट्रीय संरक्षण समितीवर त्यांची नेमणूक झाली, त्याच वर्षी महार रेजिमेंट पुन्हा उभी राहिली: पहिली पलटण बेळगावला, १९४२ साली दुसरी कामठीला. तिच्या बिल्ल्यावर तेव्हा कोरेगावचा स्तंभ होता. १९४२ ते १९४६ या काळात मजूरमंत्री या नात्याने बाबासाहेबांनी आकाशवाणीवरून केलेले एक भाषण प्रसिद्ध आहे. हिंदी कामगाराला हे युद्ध का जिंकायचे आहे, तर त्याला नाझींचा पराभव हवा आहे आणि त्यापुढे जाऊन समतेची नवी व्यवस्थाही हवी आहे, असा त्याचा आशय आहे. सरकारी माध्यमातून बोलतानाही ते सरकारच्या पुढे चार पावले होते. तेव्हा ‘सारा साम्राज्यवादी प्रचार’ अशी एकजात झाडणी आपल्याला परवडणारी नाही. फॅसिझम जिंकला असता तर ज्यांची वस्ती आधीच गावकुसाबाहेर आहे त्यांचे काय झाले असते, याचा विचार बाबासाहेबांनी केला होता.

पण चौकटीत प्रवेश मिळणे वेगळे आणि चौकट आपल्या हाती असणे वेगळे. महार सैनिक वार्तापटात दिसला तरी तो ‘हिंदी सैनिक’ म्हणून दिसणार. तो कोणत्या वस्तीतून आला आणि सुटीवर गेल्यावर गावच्या विहिरीवर त्याला पाणी मिळते का, हे निवेदक सांगणार नाही. गणवेशाने जात झाकली जाते, ही सैन्याची किमया वार्तापटाने पुरेपूर वापरली. सैनिकाला ती सुखाची वाटली असेल. तिला नावे ठेवण्याचा मला अधिकार नाही. ज्याला गणवेश नव्हता त्या गँगमनला आणि जिनातल्या बाईला तेवढेही झाकण मिळाले नाही.

‘इंडियन न्यूज परेड’ १९४६ साली बंद पडला. इंग्रजांचे हत्यार म्हणून त्याच्यावर राष्ट्रीय पक्षांचा राग होता. परिणाम असा की १५ ऑगस्ट १९४७ रोजी देश स्वतंत्र झाला तेव्हा ती घटना टिपायला सरकारचे स्वतःचे वार्तापट पथकच नव्हते. १९४८ साली फिल्म्स डिव्हिजन निघाली आणि तिचे वार्तापटही दाखवणे सक्तीचेच राहिले. जे बंधन परक्याचे म्हणून नकोसे होते, ते स्वकीयांचे म्हणून गोड झाले. धरणे, पंचवार्षिक योजना, पाहुण्यांचे स्वागत यांनी आमच्या पिढ्यांचे डोळे भरले. धरणाच्या बांधावर माती वाहणारे लोक त्यांत दिसतात खरे, रांगेने, लांबून, मुंग्यांसारखे.

आता ही जुनी रिळे घरबसल्या पाहता येतात. ब्रिटिश पाथेने २०१४ साली आपल्या सुमारे ८५ हजार फिती इंटरनेटवर मोकळ्या केल्या. मूर्तिजापूर, कारंजा, दर्यापूरच्या महाविद्यालयांतल्या विद्यार्थ्यांना माझे सांगणे आहे की त्या जरूर पाहाव्यात, पण मध्यभागी पाहू नये. मध्यभागी राजा असतो. कडेला पाहावे: घोड्याचा लगाम धरून कोण उभे आहे, पखाल कोणाच्या पाठीवर आहे, साहेबाच्या तंबूपाशी वाकून कोण झाडते आहे आणि कॅमेरा वळताच चौकटीतून कोण नाहीसे होते. त्या माणसांची नावे निवेदनात मिळणार नाहीत. घरातल्या पत्र्याच्या पेटीत कोणाच्या आज्याची डिस्चार्जची चोपडी असेल, रेल्वेची पितळी बिल्ला-पट्टी असेल, ती त्या रिळाशेजारी ठेवावी.

१९५६ च्या अखेरीच्या दोन महिन्यांत आमच्याकडची दोन मुद्रणे झाली. ८ नोव्हेंबरला गाडगेबाबांचे वांद्र्याचे कीर्तन ध्वनिमुद्रित झाले. त्यांचा आवाज आज ऐकता येतो तो त्यामुळे. ६ डिसेंबरला बाबासाहेब गेले, आणि २० डिसेंबरला बाबाही. विसाव्या शतकाच्या आरंभी फिरत्या सिनेमावाल्यांच्या पेटाऱ्यात व्हिक्टोरिया राणीच्या अंत्ययात्रेची रिळे असत. राजगृहापासून दादर चौपाटीपर्यंत निघालेली बाबासाहेबांची अंत्ययात्रा मात्र दलित लेखक आणि चित्रपट दिग्दर्शक नामदेव व्हटकर यांनी पदरमोड करून चित्रित केली. कॅमेरा त्या दिवशी गर्दीतल्या माणसाच्या हाती होता.